आमचे म्हणणे विचारलेत, आता उत्तर द्या: कॅथलिक महागुरूंना खुले पत्र

प्रति,
कॅथलिक ख्रिस्तसभेचे सर्व महागुरू (बिशप) आणि धर्मग्रामांचे (पॅरिशांचे) प्रमुख धर्मगुरू यांस,

ख्रिस्तात सप्रेम वंदन.

ऑक्टोबर २०२१ मध्ये पोप फ्रान्सिस यांनी सिनडल वाटचाल, म्हणजे सगळ्या ख्रिस्तसभेने मिळून ऐकण्याची आणि विचार करण्याची प्रक्रिया, सुरू केली आणि जगभरच्या धर्मग्रामांत प्रापंचिकांना, म्हणजे धर्मगुरू नसलेल्या सामान्य श्रद्धावंतांना, प्रश्न विचारले गेले. ख्रिस्तसभेत तुमचे कोणी ऐकते का? निर्णय कसे होतात? बाजूला कोण पडले आहे? आमच्याही धर्मग्रामात बैठका झाल्या. एरवी कधी तोंड न उघडणारी माणसे तिथे बोलली. घटस्फोट झालेली एक बाई बोलली, चर्चला येणे सोडलेला एक तरुण बोलला, आयुष्यभर देवळाच्या कामात राबलेले ज्येष्ठ बोलले. मी त्यांच्या म्हणण्याची टिपणे काढली, इतरांबरोबर बसून अहवाल लिहिला आणि तो वर पाठवला. तुम्ही जे बोललात त्याचे पुढे काय झाले, हे त्या माणसांना आजवर कोणीही सांगितलेले नाही.

रोममध्ये मात्र पुष्कळ काही झाले. २०२३ आणि २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये सिनडच्या, म्हणजे महागुरू आणि इतर प्रतिनिधींच्या, सभा भरल्या. २०२३ मध्ये सिनडच्या इतिहासात पहिल्यांदा स्त्रियांनी मतदान केले. २६ ऑक्टोबर २०२४ रोजी अंतिम दस्तऐवज संमत झाला. पोप फ्रान्सिस यांनी तो लगेच प्रसिद्ध करायला सांगितले, आपण वेगळे प्रबोधनपत्र काढणार नाही असे जाहीर केले, आणि पुढच्याच महिन्यात स्पष्ट केले की हा दस्तऐवज पोपच्या नेहमीच्या अधिकृत शिकवणुकीचा भाग आहे. मार्च २०२५ मध्ये अंमलबजावणीचे वेळापत्रकही आले: २०२७ च्या पहिल्या सहामाहीत धर्मप्रांतांनी (एकेका महागुरूंच्या अधिकारातील प्रदेशांनी) मूल्यमापन सभा घ्यायच्या आणि ऑक्टोबर २०२८ मध्ये व्हॅटिकनमध्ये सर्वांची एकत्र सभा भरायची. २१ एप्रिल २०२५ रोजी पोप फ्रान्सिस यांचे निधन झाले. ८ मे रोजी निवडून आलेल्या पोप लिओ चौदावे यांनी ही वाटचाल पुढे चालू ठेवली. ती थांबली आहे खाली, आमच्या धर्मग्रामांत. वेदीवरून या दस्तऐवजाचे नावही आम्ही ऐकलेले नाही. ही उपेक्षा निमूटपणे सोसणे मला जमत नाही, म्हणून हे पत्र.

ते जाहीरपणे का, असे कोणी विचारील. ख्रिस्तसभेच्या कायद्यानेच तसा अधिकार दिला आहे. १९८३ च्या कॅनन लॉमधील कलम २१२ सांगते की आपल्या ज्ञानाला, पात्रतेला आणि स्थानाला धरून ख्रिस्तसभेच्या हिताबद्दलचे मत धर्मपाळांना (महागुरू आणि धर्मगुरूंना) सांगण्याचा, तसेच ते इतर श्रद्धावंतांपुढे मांडण्याचा हक्क प्रापंचिकांना आहे. कधी कधी ते त्यांचे कर्तव्यही ठरते. श्रद्धा अबाधित ठेवून आणि धर्मपाळांचा मान राखून हे करावे, अशी अट आहे. मी ती पाळणार आहे.

माझे यात काय गुंतले आहे तेही सांगते. माझी आजी मिस्सा चालू असताना रोझरी म्हणत बसायची. वेदीवरची प्रार्थना लॅटिनमध्ये चाले आणि धर्मगुरूंची पाठ लोकांकडे असे. आजीची श्रद्धा त्यामुळे उणी नव्हती. पण यशया आणि यिर्मया काय म्हणाले, ते तिच्या कानावर तिला समजेल अशा भाषेत कधी पडले नाही. तिची नात वेदीजवळ उभी राहून शास्त्रवाचन करते, मुलांना धर्मशिक्षण देते, प्रौढांच्या बायबल वर्गात पौलाची पत्रे शिकवते. आजीपासून नातीपर्यंत हा बदल घडला तो दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेमुळे, म्हणजे जगभरच्या महागुरूंच्या रोममध्ये भरलेल्या सभेमुळे. त्या परिषदेने दिलेले मी दर रविवारी वापरते. तिने दिलेले जे अजून आमच्यापर्यंत पोचलेले नाही, ते मागण्याचा मला हक्क वाटतो.

पोप जॉन तेविसावे यांनी २५ जानेवारी १९५९ रोजी परिषदेची घोषणा केली. निवडून येऊन त्यांना तीन महिनेही झाले नव्हते आणि वय होते ७७. ११ ऑक्टोबर १९६२ रोजी परिषदेचे उद्घाटन करताना, जगाकडे पाहून सदान्‌कदा सर्वनाशाचे भाकीत करणाऱ्यांशी आपण सहमत नाही, असे त्यांनी स्पष्ट सांगितले, आणि आजच्या काळात ख्रिस्तसभेने कठोरतेपेक्षा दयेचे औषध वापरावे असे म्हटले. ३ जून १९६३ रोजी ते वारले. पोप पॉल सहावे यांनी काम तडीस नेले. ८ डिसेंबर १९६५ रोजी परिषद संपली तेव्हा १६ दस्तऐवज तयार होते.

त्यांतल्या एका गोष्टीपाशी मी थांबणार आहे, कारण माझ्या सगळ्या मागण्या तिच्यावर उभ्या आहेत. ख्रिस्तसभेविषयीचा पहिला मसुदा १९६२ च्या अखेरीस सभागृहापुढे आला. १ डिसेंबरला ब्रुजचे महागुरू एमिल दे स्मेट उठले आणि त्यांनी त्या मसुद्यात तीन दोष दाखवले: विजयाची मिरवणूक, धर्मगुरुशाही आणि कायद्याचा अतिरेक. मसुदा मागे गेला. पुढे तो नव्याने लिहिला गेला तेव्हा प्रकरणांचा क्रमच बदलला. पहिल्या प्रकरणात ख्रिस्तसभेचे रहस्य, दुसऱ्यात देवाची प्रजा, आणि त्यानंतर तिसऱ्यात महागुरू, धर्मगुरू व डीकन (धर्मगुरूंच्या खालोखालचे दीक्षित सेवक). स्नानसंस्काराने (बाप्तिस्म्याने) आपण सारे आधी एक प्रजा आहोत. अधिकारपदे त्या प्रजेच्या आत, तिच्या सेवेसाठी आहेत. प्रकरणे मागेपुढे करून परिषदेने केवढी मोठी गोष्ट सांगितली! हाच 'लुमेन जेन्टियम' २१ नोव्हेंबर १९६४ रोजी २१५१ विरुद्ध ५ मतांनी संमत झाला. तो कोणा असंतुष्टांच्या गटाने लिहिलेला नाही. तुमच्याच पूर्वसूरींनी, जगभरच्या महागुरूंनी तो जवळजवळ एकमुखाने स्वीकारला.

त्याचे कलम १२ सांगते की पवित्र आत्म्याचा अभिषेक झालेली संपूर्ण प्रजा महागुरूंपासून शेवटच्या प्रापंचिकापर्यंत एका मनाने विश्वास ठेवते, तेव्हा ती श्रद्धेत चुकू शकत नाही. कलम ३७ तर मला मुखोद्गत आहे. धर्मपाळांनी प्रापंचिकांची प्रतिष्ठा आणि जबाबदारी मान्य करावी, त्यांचा विचारी सल्ला आनंदाने घ्यावा, त्यांच्यावर विश्वासाने कामे सोपवावीत आणि त्यांना काम करायला मोकळीक द्यावी, असे ते म्हणते.

परिषदेने ईशज्ञानाला, म्हणजे श्रद्धेच्या अभ्यासशास्त्राला, दिलेले वळण इथेच संपत नाही. 'देई व्हर्बुम' या प्रकटीकरणाविषयीच्या दस्तऐवजाने (१८ नोव्हेंबर १९६५) शिकवले की प्रकटीकरणात देव स्वतःलाच माणसापुढे उघड करतो, आणि ख्रिस्तसभेचा शिकवण्याचा अधिकार देवशब्दाच्या वर नसून त्याची सेवा करतो. पवित्र शास्त्राचा अभ्यास हा ईशज्ञानाचा आत्मा आहे, असेही तोच दस्तऐवज म्हणतो. आज रविवारी तीन वर्षांच्या चक्रात जी तीन वाचने आपण ऐकतो, ती १९६९ च्या नव्या वाचनग्रंथातून आली, आणि तो ग्रंथ परिषदेच्या आदेशावरून तयार झाला. ख्रिस्ती ऐक्याविषयीच्या आदेशाने ख्रिस्तसभेला अखंड सुधारणेची गरज आहे हे मान्य केले आणि फुटीचा दोष दोन्ही बाजूंकडे आहे हेही सांगितले. इतर धर्मांविषयीच्या 'नोस्त्रा एताते' या जाहीरनाम्याने ज्यू बांधवांवर शतकानुशतके लादलेला ख्रिस्तवधाचा सरसकट आरोप दूर केला. धर्मस्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याने तर १८६४ च्या पोप पायस नववे यांच्या निषेध-यादीतल्या भूमिकेपासून फार मोठा पल्ला गाठला. सदसद्विवेकावर बळजबरी करायची नाही, ही गोष्ट आज आपल्याला उघड वाटते. १९६५ मध्ये ती २३०८ विरुद्ध ७० मतांनी संमत करून घ्यावी लागली होती.

हे ज्यांच्या अभ्यासातून आले त्यांचे आधी काय झाले होते, ते विसरू नका. इव्ह कोंगार या डॉमिनिकन धर्मगुरूंनी ख्रिस्तसभेतील खऱ्या आणि खोट्या सुधारणेवर १९५० मध्ये ग्रंथ लिहिला. त्याच्या पुनर्मुद्रणावर आणि भाषांतरांवर बंदी आली, आणि १९५४ मध्ये त्यांचे अध्यापन काढून घेऊन त्यांना फ्रान्सबाहेर धाडण्यात आले. आंरी द लुबाक यांना १९५० मध्ये शिकवण्यापासून दूर केले गेले. अमेरिकेतल्या जॉन कोर्टनी मरी यांना धर्मस्वातंत्र्यावर लिहिणे थांबवायला सांगण्यात आले. पुढे हेच तिघे परिषदेत तज्ज्ञ म्हणून बसले आणि तिच्या दस्तऐवजांवर त्यांचा ठसा उमटला. द लुबाक १९८३ मध्ये आणि कोंगार १९९४ मध्ये कार्डिनल झाले. गप्प बसवलेली माणसेच ख्रिस्तसभेला हवी ते सांगत होती! हा इतिहास फार जुना नाही, म्हणून खालच्या तक्रारी वाचताना तो मनाशी ठेवावा, एवढी विनंती.

पहिली तक्रार मौनाची. आम्हाला विचारलेत आणि उत्तर दिले नाहीत. धर्मप्रांताचा अहवाल काय होता, आमच्या म्हणण्यातले काय घेतले, काय वगळले आणि का वगळले, हे सांगायला एक बैठक पुरली असती. लोकांनी आपल्या जखमा उघड्या केल्या होत्या. त्यांपैकी कित्येकांनी आता मला सांगितले आहे की पुन्हा बोलावलेत तर आम्ही येणार नाही. त्यांचा विश्वास परत मिळवणे तुम्हाला आणि मला दोघांनाही जड जाईल.

दुसरी तक्रार पॅरिश कौन्सिलची, म्हणजे धर्मगुरूंना सल्ला देणाऱ्या धर्मग्रामाच्या मंडळाची, आहे आणि ती सगळ्यांत जिव्हाळ्याची आहे. परिषदेच्या प्रापंचिकांविषयीच्या आदेशात, कलम २६ मध्ये, धर्मप्रांतात आणि शक्य तिथे धर्मग्रामातही अशी मंडळे असावीत असे म्हटले आहे. १९८३ च्या कायद्यात ती इच्छा पातळ झाली. कलम ५३६ प्रमाणे महागुरूंना योग्य वाटले तरच कौन्सिल नेमायचे, आणि नेमले तरी त्याला फक्त सल्ल्याचे मत. व्यवहारात याचा अर्थ असा होतो की धर्मगुरू बदलले की कौन्सिल बदलते, किंवा राहतच नाही. आमच्याकडे एका नव्या धर्मगुरूंनी कौन्सिलची बैठक बोलावणेच बंद केले. विसर्जनाचे पत्र नाही, कारण नाही. युवकांसाठी आखलेला कार्यक्रम, आजाऱ्यांच्या भेटीची यादी, तंटे मिटवणारी समिती, सारे हळूहळू गळून पडले. कोणा एका व्यक्तीविषयी माझा राग नाही. तो धर्मगुरू कायद्याच्या चौकटीतच होता, आणि माझे दुःख नेमके तेच आहे. ज्या चौकटीत वर्षांची मेहनत कुणाच्याही स्वाक्षरीशिवाय नाहीशी होऊ शकते, ती चौकट दुरुस्त व्हायला हवी.

२०२४ च्या अंतिम दस्तऐवजाने हेच म्हटले आहे. सल्लागार मंडळे सक्तीची करा, असा आग्रह त्यात आहे. 'फक्त सल्ल्याचे मत' या कायद्यातल्या शब्दयोजनेचा फेरविचार करा, अशीही सूचना आहे. अंतिम निर्णय महागुरूंचा हे तो दस्तऐवज नाकारत नाही आणि मीही नाकारत नाही. पण सर्वांनी मिळून विचार करून जे पुढे आले ते दुर्लक्षून पुढे जाता येणार नाही, हे त्यात स्पष्ट आहे.

इथे तुमच्यातले काही जण म्हणतील, आणि प्रामाणिकपणे म्हणतील, की ख्रिस्तसभा ही लोकशाही नाही. मान्य. श्रद्धेचा ठेवा मतदानाने ठरत नाही. पण तिसऱ्या शतकात कार्थेजचे महागुरू संत सिप्रियन यांनी आपल्या धर्मगुरूंना लिहिले होते की महागुरू झाल्यापासून तुमच्या सल्ल्यावाचून आणि लोकांच्या संमतीवाचून स्वतःच्या मर्जीने काही करायचे नाही असे मी ठरवले आहे. ते तर लोकशाहीवादी नव्हते. पुढे श्रद्धेसाठी त्यांनी मस्तक दिले. संत जॉन हेन्री न्यूमन यांनी १८५९ मध्ये लिहिले की शिकवणुकीच्या बाबतीतही श्रद्धावंतांचा कानोसा घ्यावा, कारण चौथ्या शतकात ख्रिस्ताचे पूर्ण देवत्व नाकारणाऱ्या एरियसच्या वादात अनेक महागुरू डगमगले तेव्हा सामान्य श्रद्धावंतांनी खरी श्रद्धा जपली. त्या लेखामुळे न्यूमन यांच्यावर रोममध्ये संशय घेतला गेला. १ नोव्हेंबर २०२५ रोजी पोप लिओ यांनी त्यांनाच ख्रिस्तसभेचे आचार्य घोषित केले. लोकांचे ऐकणे ही आधुनिक काळाची लागण आहे, असे आता कोणी म्हणू नये.

तिसरी तक्रार पैशाची. ती थोडक्यात सांगते, कारण इथे नवा कायदा मागायचीही गरज नाही. कलम ५३७ प्रमाणे प्रत्येक धर्मग्रामात अर्थसमिती असणे बंधनकारक आहे. कलम १२८७ प्रमाणे श्रद्धावंतांनी दिलेल्या दानाचा हिशेब श्रद्धावंतांना द्यायचा आहे. अंतिम दस्तऐवज याही पुढे जाऊन वार्षिक आर्थिक अहवाल, लहान मुले आणि दुर्बल व्यक्तींच्या संरक्षणाविषयीचा अहवाल आणि पदावरच्या व्यक्तींच्या कामाचे नियमित मूल्यमापन मागतो. कित्येक धर्मग्रामांत हिशेब विचारणाऱ्याकडे श्रद्धा कमी असलेला माणूस म्हणून पाहिले जाते. लैंगिक अत्याचारांच्या प्रकरणांत ख्रिस्तसभेने जे भोगले आणि त्याहून कितीतरी पटीने पीडितांनी जे भोगले, त्याच्या मुळाशी हीच न विचारण्याची सवय होती. तेव्हा हिशेब मागणे हे निष्ठेचे काम समजावे.

चौथी, स्त्रियांची. १९६३ च्या ऑक्टोबरमध्ये कार्डिनल स्यूनन्स यांनी परिषदेच्या सभागृहात विचारले होते की मानवजातीचा अर्धा भाग इथे कुठे आहे. पुढच्या वर्षी पोप पॉल यांनी स्त्रियांना श्रोत्या म्हणून बोलावले. परिषद संपेपर्यंत त्या २३ झाल्या. सभागृहात भाषण करायची परवानगी त्यांना मिळाली नाही, तरी समित्यांमध्ये त्यांनी काम केले. त्यानंतरची पावले मोजकी पण खरी आहेत. जानेवारी २०२१ मध्ये वाचक आणि वेदीसेवक या सेवापदांवर स्त्रियांची विधिवत नेमणूक करण्याची मुभा मिळाली, त्याच वर्षी मे महिन्यात धर्मशिक्षकाचे सेवापद निर्माण झाले, २०२२ च्या नव्या संविधानाने व्हॅटिकनच्या विभागांचे प्रमुखपद प्रापंचिकांना खुले केले, आणि जानेवारी २०२५ मध्ये सिस्टर सिमोना ब्रांबिला एका विभागाच्या प्रमुख झाल्या. मग व्हॅटिकनमध्ये जे होऊ शकते ते धर्मग्रामात का होत नाही? देवळाची झाडलोट, फुलांची सजावट, रविवारची मुले, आजाऱ्यांची विचारपूस, हे सारे स्त्रियांनी करायचे आणि निर्णयाच्या टेबलाशी मोजक्याच जणी. माझ्या ओळखीत आयुष्यभर धर्मशिक्षण देणाऱ्या कितीतरी स्त्रिया आहेत. त्यांपैकी एकीचीही त्या सेवापदावर विधिवत नेमणूक झालेली नाही. अंतिम दस्तऐवजाचे कलम ६० म्हणते की सध्याच्या कायद्यात स्त्रियांना उपलब्ध असलेल्या सर्व संधी पूर्णपणे अमलात आणाव्यात आणि स्त्रियांना नेतृत्व करण्यापासून रोखणारे कोणतेही कारण नाही. डीकनपदाचा प्रश्न त्याने खुला ठेवला आहे. त्यावर अभ्यास चालू राहावा, एवढेच मी आज म्हणते. पण जे आजच करता येते त्यासाठी कशाची वाट पाहता?

पाचवी तक्रार शिक्षणाची. परिषद संपून ६० वर्षे उलटली. आमच्या दृढीकरण संस्काराच्या तयारीच्या वर्गांत दहा आज्ञा आहेत, सात संस्कार आहेत, पण 'लुमेन जेन्टियम'मधला एक परिच्छेद वाचायला दिला जात नाही. मी जेव्हा बायबल वर्गात कलम १० वाचून दाखवले, की स्नानसंस्काराने आपणा सर्वांना ख्रिस्ताच्या पौरोहित्यात वाटा मिळतो आणि ते दीक्षित धर्मगुरूंच्या पौरोहित्याहून वेगळे असूनही दोन्ही एकमेकांसाठी आहेत, तेव्हा वर्गातले लोक दचकले. एका सद्गृहस्थांनी विचारले, हे आपल्याच चर्चचे आहे ना? ज्यांच्यासाठी हे लिहिले त्यांनाच ते परके वाटावे, याहून मोठी उपेक्षा कोणती? आजच्या जगातील ख्रिस्तसभेविषयीच्या परिषदेच्या 'गाउदियुम एत स्पेस' या दस्तऐवजाचे कलम ६२ म्हणते की पुष्कळ प्रापंचिकांनी ईशज्ञानाचे रीतसर शिक्षण घ्यावे, आणि अभ्यासकांना, मग ते दीक्षित असोत वा प्रापंचिक, विचाराचे आणि नम्रपणे पण धीटपणे मत मांडण्याचे रास्त स्वातंत्र्य असावे. असे शिक्षण देणारे वर्ग फार थोडे आहेत, आणि जे आहेत त्यांत प्रापंचिकांना परवडेल आणि नोकरी सांभाळून जमेल अशी सोय क्वचितच असते.

एका गोष्टीत मला तुमची अडचण समजते. सुधारणा राबवताना पूर्वीही घाई झाली. उपासनाविधीविषयीच्या संविधानाने लॅटिन टाकून द्या असे कुठेही म्हटले नव्हते, तरी अनेक ठिकाणी ग्रेगोरियन गायन आणि जुन्या प्रार्थना एका फटक्यात गेल्या आणि लोकांना कारण कोणी समजावून सांगितले नाही. त्या जुन्या विधीवर प्रेम करणारे आपलेच भाऊबहीण आहेत. पोप बेनेडिक्ट यांनी २२ डिसेंबर २००५ च्या भाषणात परिषदेचा अर्थ लावताना सातत्य राखून केलेली सुधारणा असा शब्दप्रयोग केला, आणि मला तो पटतो. पण त्यातून निघणारा धडा माझ्या बाजूचा आहे. तेव्हाही लोकांना विश्वासात घेतले नव्हते, आणि आजही घेतले जात नाही. लोकांना विचारून, समजावून केलेली सुधारणा टिकते; वरून आलेली सुधारणा आणि वरून आलेले मौन, दोन्ही दुखावतात.

माझ्या मागण्या अशा. २०२१–२२ च्या सल्लामसलतीचे धर्मप्रांताचे अहवाल, ते अजून प्रसिद्ध नसतील तर, लोकांच्या भाषेत प्रसिद्ध करा आणि प्रत्येक धर्मग्रामात त्यावर एक जाहीर सभा घ्या. २०२४ च्या अंतिम दस्तऐवजाचे सोप्या भाषेतले वाचन वर्ग घ्या. प्रत्येक धर्मग्रामात पॅरिश कौन्सिल असेल, त्यात निम्म्या तरी स्त्रिया असतील, वर्षातून ठरलेल्या बैठका होतील, आणि कौन्सिलचा एकमुखी सल्ला धर्मगुरूंना मानायचा नसेल तर त्याचे कारण ते लेखी देतील, असा नियम आपापल्या धर्मप्रांतासाठी काढा. असा नियम काढायला रोमच्या परवानगीची वाट पाहावी लागत नाही. महागुरू म्हणून तुमच्या हातात तेवढा अधिकार आहे. धर्मगुरू बदलले तरी कौन्सिलची मुदत चालू राहील, हेही त्याच नियमात लिहा. अर्थसमितीचा वार्षिक हिशेब चर्चच्या फलकावर लावा. वाचक, वेदीसेवक आणि धर्मशिक्षक या सेवापदांवर पात्र स्त्री-पुरुषांची विधिवत नेमणूक सुरू करा. सेमिनरीत शिकणाऱ्या भावी धर्मगुरूंना प्रापंचिक आणि स्त्री अध्यापकांकडूनही शिकू द्या, कारण पुढे ते ज्यांच्याबरोबर काम करणार आहेत त्यांच्याकडून ऐकायची सवय तिथेच लागेल. प्रापंचिकांसाठी ईशज्ञानाचे संध्याकाळचे आणि ऑनलाइन वर्ग काढा आणि फी भरू न शकणाऱ्यांना धर्मप्रांताच्या निधीतून मदत द्या.

आणि शेवटची मागणी: २०२७ च्या मूल्यमापन सभेची तारीख, तिथे कोण येणार आणि त्यांची निवड कशी होणार, हे आत्ताच जाहीर करा. तिथे फक्त निवडक, होकार देणारी मंडळी नसावीत. ज्यांनी पाच वर्षांपूर्वी बोलून पाहिले आणि ज्यांना उत्तर मिळाले नाही, ती माणसे तिथे असली पाहिजेत. त्यांना बोलावायला मी घरोघरी जाईन.

या पत्राचे उत्तर मला व्यक्तिशः नको. ते तुमच्या नावाने, चर्चमध्ये वाचून दाखवता येईल असे, सर्व श्रद्धावंतांसाठी हवे. यातली एखादी मागणी तुम्हाला अमान्य असेल तर तसे कारणासह लिहा. त्यावर आम्ही विचार करू आणि पुन्हा बोलू.

आपली नम्र,
एक प्रापंचिक धर्मशिक्षिका